चार लगाम धरणारा माणूस

अप्पा, तुमचं भाषण शनिवारी झालं. तुम्ही नव्हतात, म्हणून मी वाचलं.

मंडळाचे लोक म्हणत होते, या महिन्याचं व्याख्यान रद्द करू आणि त्याऐवजी शोकसभा घेऊ. मीच नको म्हटलं. शोकसभेत सगळे तुमच्याबद्दल बोलले असते, आणि कोणी तुमच्याबद्दल बोलायला लागलं की तुम्ही उठून पाणी प्यायला जायचात. तुम्हाला बोलायचं होतं ते त्या घोडदळाबद्दल. सगळी तयारी झाली होती, सव्वीस पानं टाइप करून झाली होती, चष्म्याचा नंबरसुद्धा तुम्ही त्यासाठीच बदलून घेतला होता. मग ते वाचायचं सोडून आम्ही तुमच्या फोटोला हार कशासाठी घालायचा?

मी सून म्हणून या घरात आले तेव्हा तुम्ही अजून बोटीवर होतात. लग्नाला सुट्टी मिळाली तेवढी, मग पुन्हा सहा महिने समुद्रावर. त्यामुळे आपली खरी ओळख झाली ती तुम्ही निवृत्त होऊन सिंगापुरात, सेंगकांगला आमच्याकडे राहायला आल्यावर. दोन बॅगा घेऊन आलात, आणि त्यांच्याबरोबर अमेरिकेतली एक घोडदळाची रेजिमेंट. तिथल्या यादवी युद्धात उत्तरेच्या बाजूने लढलेली. शेतावरच्या, दुकानातल्या, शाळामास्तर असलेल्या तरुणांनी स्वखुशीने नावं देऊन उभी केलेली. पुढची सात वर्षं ती आमच्याकडेच मुक्कामाला होती. इराचा अभ्यास, समीरचे रात्रीचे ऑफिसचे कॉल, माझी चांगी बिझनेस पार्कची नोकरी, आणि डायनिंग टेबलच्या खिडकीकडच्या टोकाला तुमचे घोडे.

ते वेड लागलं कसं, हे तुम्ही मला एकदाच सांगितलंत. तिकडच्या एका नदीवरच्या गावात तुमची बोट दुरुस्तीला लागली होती. रविवारी करायला काही नाही म्हणून तुम्ही गावातल्या छोट्या संग्रहालयात शिरलात. भिंतीवर त्या रेजिमेंटचा फोटो होता, ताठ उभे राहिलेले शिपाई, दाढ्या, तलवारी. आणि अगदी कडेला, चौकटीत अर्धाच आलेला एक माणूस, ज्याच्या हातात चार घोड्यांचे लगाम होते. फोटोखाली सगळ्यांची नावं होती, त्याचं नव्हतं.

“फोटो काढणाऱ्याला तो नकोच होता,” तुम्ही म्हणालात. “घोड्यामुळे आला.”

तो माणूस कोण, हे शोधता शोधता तुम्हाला त्या चौथ्या माणसाचा नियम सापडला. घोडदळ म्हटलं की डोळ्यांसमोर भरधाव घोडे येतात. पण हे लोक पुष्कळदा घोड्यावरून जायचे आणि लढायला खाली उतरायचे. रांगेत उभं राहून एक, दोन, तीन, चार असे आकडे म्हणायचे. उतरायचा हुकूम आला की पहिले तिघे बंदुका घेऊन पुढे पळायचे. चौथ्याने आपला आणि त्या तिघांचे, असे चार घोडे धरून मागे झाडीत थांबायचं. पुढे काय चाललंय ते त्याला दिसायचं नाही. पुढच्यांना मात्र ठाऊक असायचं, की पळायची वेळ आली तर घोडे जागेवर असतील.

“म्हणजे मजा आहे की चौथ्याची,” मी म्हटलं होतं. “गोळी लागायची भीती नाही.”

तुम्ही माझ्याकडे असं पाहिलंत, जसं तुम्ही तुमच्या हाताखालच्या एखाद्या ज्युनियर इंजिनिअरकडे पाहत असाल. उत्तर दिलंत ते पुढच्या रविवारी, पुलाउ उबीन बेटावर.

आपण चौघं बमबोटीने, इथल्या त्या छोट्या लाकडी होडीने, तिकडे गेलो होतो. सायकली भाड्याने घेतल्या, तुमचा गुडघा दुखत होता तरी तुम्हीही घेतलीत. त्या खारफुटीच्या बाजूला सायकली नेता येत नाहीत, तिथे बाहेर लावून चालत जावं लागतं. तुम्ही म्हणालात, “तुम्ही तिघं जाऊन या. मी धरून उभा राहतो.”

“आजोबा, can park lah,” इरा तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली. “There got stand, see.”

“घोड्याला स्टँड नसतो, इरा.”

“But this one bicycle what.”

तुम्ही खरोखरच दोन्ही हातांत दोन-दोन हँडल धरून उभे राहिलात. येणारे-जाणारे वळून बघत होते. समीर मला हळूच म्हणाला, “चल लवकर, आपण यांना ओळखत नाही.” आम्ही परत आलो तेव्हा दोन सायकली आडव्या पडल्या होत्या, तिसरी तुमच्या पायावर होती, आणि एक रानडुक्कर तिच्या बास्केटमधली आपली केळी शांतपणे खात होतं. चौथी सायकल तुम्ही दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. इरा हसून हसून खालीच बसली.

“बघितलंस?” तुम्ही मला म्हणालात. “आणि इथे कोणी गोळीबार करत नव्हतं.”

परतीच्या बमबोटीत तुम्ही पाय चोळत बसलात आणि मग, कोणी विचारलं नसताना, इंजिनरूमबद्दल बोललात. बोट बंदरात शिरते तेव्हा डेकवर सगळे जमतात, बंदर बघतात, फोटो काढतात, पण इंजिनरूमवाले तेव्हाच सगळ्यात जास्त कामात असतात. सिंगापूरला तुम्ही इतक्यांदा आलात, पण समुद्रावरून सिंगापूर कसं दिसतं ते आमच्याकडे राहायला आल्यावर, उबीनच्या या बमबोटीतून पाहिलंत. “तक्रार नाही हां,” तुम्ही म्हणालात. “कोणीतरी खाली लागतोच. पण मग लॉगमध्ये लिहितात, बोट अमुक वाजता धक्क्याला लागली. जशी काय आपली आपण लागली.”

त्या रेजिमेंटमधल्याच एकाने म्हातारपणी लिहिलेला तिचा इतिहास तुम्ही इंटरनेटवर शोधून काढला होता. त्या जाड पुस्तकातही चौथ्या माणसावर तुमच्या मते असाच अन्याय होता. लढाई संपते आणि लेखक सांगतो की घोडे आले. यावर तुम्ही टॅबवर बोट आपटायचात. “आले म्हणजे? रिक्षा आहेत का?”

मंडळाच्या कार्यवाह शुभदाताई व्याख्यान ठरवायला घरी आल्या, तो दिवस मला अजून आठवतो. चहा झाला, विषय ऐकून झाला, आणि त्या अगदी गोड आवाजात म्हणाल्या, “काका, घोडदळच घ्यायचं तर आपलं नाही का घेता येणार? शिवकाळातलं काही असलं की हॉल भरतो हो.”

“त्यावर बोलणारे पुष्कळ आहेत.”

“बरं, अमेरिकेचं तर अमेरिकेचं. पण तुम्ही म्हणता ते लोक म्हणजे मोतद्दारच ना? घोड्यांची देखभाल करणारे?”

“मोतद्दार नव्हेत,” तुम्ही म्हणालात. “शिपाई. दुसऱ्या शिपायांसारखेच शिपाई. रांगेत उभं राहताना शेजारी कोण आला, एवढ्यावर ठरायचं. आज चौथा, उद्या पहिला.”

“हो हो, कळलं,” शुभदाताई म्हणाल्या, आणि त्यांनी डायरीत लिहिलेलं मी वरून वाचलं: घोड्यांची निगा.

तुमची पानं मी एकेक करून वाचत गेले. शुद्धलेखन तपासायला म्हणून तुम्ही ती द्यायचात, पण तुम्हाला भांडायला कोणीतरी हवं होतं. मराठी साहित्यात एमए करून सॉफ्टवेअर तपासत बसलेली सून तुम्हाला त्या कामासाठी अगदी योग्य वाटली असावी. मी लिहायचे, ‘वाक्य लांब.’ तुम्ही खाली लिहायचात, ‘मोहीमही लांब होती.’ पावसाळी वाटा, झिजलेले नाल, रिकामे तोबरे, आजाराने मेलेली माणसं, जी गोळीने मेलेल्यांपेक्षा कितीतरी जास्त होती. सगळं होतं त्यात. एक दिवस खालच्या हॉकर सेंटरमधल्या खाण्याच्या स्टॉलवर कोपी, म्हणजे इथली कॉफी, पिताना मी तुम्हाला विचारलं, “अप्पा, हे युद्ध गुलामगिरीवरून झालं ना? मग तुमच्या एवढ्या पानांत गुलाम कुठे आहेत?”

तुम्ही कप खाली ठेवलात. मला वाटलं, दुखावलात. पुढचे काही दिवस तुम्ही टॅब घेऊन खिडकीत बसून होतात, जेवायलाही दोनदा हाक मारावी लागायची. मग एका संध्याकाळी मी ऑफिसातून येऊन एलआरटीतून उतरले तर तुम्ही स्टेशनवर उभे. तुम्ही कधी स्टेशनवर यायचा नाहीत.

“काय झालं? इरा ठीक आहे ना?”

“सापडला,” तुम्ही म्हणालात.

कापसाच्या मळ्यातून पळून आलेला एक माणूस. रेजिमेंट दक्षिणेत शिरली तेव्हा असे शेकडो लोक तिच्या मागोमाग चालायला लागले होते. त्यांतला हा एक, रेजिमेंटबरोबर राहिला, मोकळे घोडे आणि खेचरं सांभाळू लागला. पुस्तकात त्याचा उल्लेख एकदाच, तोही गमतीच्या सुरात. त्याचं पूर्ण नाव नाही, हजेरीपटावर तर कुठलंच नाव नाही. एका लढाईनंतर ज्या घोड्याचा स्वार परत आला नाही, त्याचा लगाम चौथ्याच्या हातातून त्याने घेतला. स्टेशनपासून घरापर्यंत तुम्ही मला हेच सांगत होतात, आणि लिफ्टचं बटण दाबायचं आपण दोघंही विसरलो. “तू विचारलं नसतंस तर मी त्याला ओलांडून गेलो असतो,” तुम्ही म्हणालात. “मी. चौथ्याचा वकील.” एवढ्या मोकळेपणाने चूक मान्य करणारा माणूस मी आमच्या माहेरी पाहिला नव्हता. सासरीही तुम्हीच एकटे.

एका गोष्टीवर मात्र तुम्ही हटला नाहीत. त्याच लढाईत त्या रेजिमेंटची सगळ्यात गाजलेली चढाई झाली होती. पुढच्या तिघा-तिघांनी उघड्या शेतातून पळत जाऊन एक पूल घेतला होता. पुस्तकात तिच्यावर आख्खं प्रकरण आहे. तुमच्या पानांत ती नव्हतीच. चौथ्याला दिसली नाही, म्हणून तुम्ही लिहिली नाहीत. मी म्हणायचे, लोक चढाई ऐकायला येतील. तुम्ही म्हणायचात, त्यांना पुस्तक वाचू दे. मी म्हणायचे, हा हट्ट आहे. तुम्ही म्हणायचात, हो.

हॉस्पिटलमध्येसुद्धा आपण त्यावरच बोलत होतो. समीर खाली औषधं आणायला गेला होता. तुम्हाला दम लागत होता, मला खरं तर गप्प बसायला हवं होतं. पण तुम्हीच काढलंत, “मग, काढली का माझी काही चूक?” तेव्हा मी म्हटलं, “पुस्तकाने चौथ्याचं जे केलं तेच तुम्ही त्या तिघांचं केलंत. तेही होतेच ना, अप्पा? पळत गेले, मेले. तुम्ही त्यांना चौकटीबाहेर ठेवलंत.”

तुम्ही डोळे मिटून हसलात. “हे बरं बोललीस.”

“मग घालायची का चढाई?”

“नाही. उत्तर आहे माझ्याकडे. जरा दम खाऊ दे. उद्या सांगतो.”

नर्स आली, भेटायची वेळ संपली. दुसऱ्या दिवशी तुम्ही शुद्धीवर नव्हतात, आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी गेलात. लोक मला विचारतात, शेवटचं काही बोलले का. मी नाही म्हणते. ‘उद्या सांगतो’ हे त्यांना काय सांगायचं?

व्याख्यान मी वाचणार असं ठरल्यावर शुभदाताईंचा फोन आला. त्या मनापासून रडल्या. मग म्हणाल्या, “मृदुला, तू वाच जरूर. पण काका जी चढाई घालणार नाही म्हणत होते ना, ती तेवढी मध्ये घाल गं. आठवडाभर काम करून दमलेली माणसं येतात. नुसतं घोडे धरून उभं राहायचं म्हणजे…” मी समीरला विचारलं. मला वाटलं होतं त्यापेक्षा त्याला हे सोपं वाटलं. “तुला पटत असेल तर घाल. अप्पा दुसऱ्याचं ड्रॉइंग दुरुस्त केल्याशिवाय सोडायचे का?”

म्हणून मी लिहिली. दोन पानं. चांगली झाली होती, अप्पा. तुमच्यापेक्षा माझी वाक्यं आटोपशीर असतात. ती छापून पर्समध्ये ठेवली. शनिवारी कम्युनिटी क्लबच्या त्या खोलीत उभी राहिले तेव्हाही माझं ठरलेलं नव्हतं. घातली असती तर तुमच्या माघारी मी तुमच्यावर कुरघोडी केली असं झालं असतं. न घातली असती तर जे मला चूक वाटतं ते मी तुमच्या तोंडी तसंच ठेवलं, केवळ तुम्ही गेलात म्हणून. हयात असतात तर असली दया तुम्ही माझ्याकडून घेतली नसतीत.

चाळीसेक माणसं होती. मागे बटाटेवड्यांचा वास होता. पहिली पानं वाचताना मुलं इकडून तिकडे पळत होती, कोणीतरी फोनवर बोलायला बाहेर गेलं. मी चढाईच्या जागेपाशी आले. पर्स खुर्चीवर, हाताच्या अंतरावर होती. श्वास घ्यायला थांबले आणि म्हटलं, हा परिच्छेद संपू दे, मग काढू.

तो परिच्छेद मी किमान पाच वेळा तपासला होता. ‘आधी बराच वेळ काहीच नाही. मग कुंपणाची लाकडं मोडल्याचा आवाज. मग आपल्या बंदुका, लहान आणि भरभर. मग त्यांच्या, जाड. घोड्यांचे कान एकदम पुढे वळतात. ओरडणं सुरू होतं. ते जवळ येतंय की दूर जातंय, हे कानांनी कळत नाही, घोड्यांच्या कानांवरून कळतं. दूर जातंय. अजून दूर. पाण्यावरच्या लाकडी फळ्यांवर पावलं. पुष्कळ पावलं. मग थोडी कमी.’

शुद्धलेखन बघताना मी इथे एवढंच लिहिलं होतं, ‘वाक्यं तुटक.’ डोळ्यांनी वाचत होते ना. मोठ्याने वाचताना मला ते शेत दिसलं, पूल दिसला, आणि थोडी कमी झालेली पावलं. मुलं कधी थांबली मला कळलं नाही. अप्पा, आख्खी चढाई तिथे होती. इंजिनरूममध्ये तुम्ही आयुष्यभर वरचं सगळं जसं ऐकत आलात तशी ती लिहिली होती, लोखंडाच्या पलीकडून. पुढची तीन वाक्यं मी सावकाश वाचली. ‘माणसं परत येतात. दोन लगाम चौथ्याच्या हातातून घेतले जातात. तिसरा तो धरून उभा राहतो.’

माझी पानं मी पर्समधून काढली नाहीत. पुढे त्या मळ्यातून आलेल्या माणसाचं वाचलं, तो पुढे होऊन तिसरा लगाम घेतो ते, आणि खाली बसले.

टाळ्या झाल्या. एक गृहस्थ येऊन म्हणाले, “मोतद्दारांवर एवढं संशोधन, कमाल आहे.” तुमच्या वतीने मी रागावून घेतलं. शुभदाताई वड्यांची प्लेट घेऊन आल्या. “चढाई नाही घातलीस ना शेवटी? मी वाट बघत बसले होते. मग लक्षात आलं, ती होऊन गेली.” आणि प्लेट माझ्या हातात देऊन त्या डोळे पुसत चहाकडे गेल्या.

तर तुम्ही उत्तर देऊन ठेवलं होतं. मान्य. पण पूर्ण मान्य नाही. तो तिसरा लगाम कोणाचा होता, हे त्या पुस्तकात आहे. पुलावर पडलेल्यांची नावं शेवटी दिलेली आहेत, मी ती पाहिली आहेत. ज्याचं धड नाव कुठेच नाही त्याच्यासाठी तुम्ही दिवसचे दिवस घातलेत, आणि ज्याचं होतं त्याचं लिहिलं नाहीत. एक नाव, अप्पा. एका ओळीत बसलं असतं. यावर तुम्ही काय म्हणाला असतात, याचा विचार मी शनिवारपासून करते आहे. कधी वाटतं, तुम्ही म्हणाला असतात की चौथ्याला त्या क्षणी नाव नको होतं, माणूस हवा होता. कधी वाटतं, तुम्ही नुसतं ‘हे बरं बोललीस’ म्हणून कप खाली ठेवला असतात. आणि दोन्ही वेळा मी पुढचा मुद्दा शोधायला लागते. भाजी चिरता चिरता, गाडीत, ऑफिसात मीटिंग चालू असताना. तुम्ही मला ही सवय लावून गेलात. बाकीच्यांनी मला कायम शहाणी म्हटलं. तुम्ही खोडून काढण्याइतकं गंभीरपणे घेतलंत.

कार्यक्रमानंतर आम्ही एमआरटीने घरी आलो. इरा माझ्या आणि समीरच्या मध्ये बसली होती. दोन स्टेशनं गेल्यावर तिने विचारलं, “So who win? You or Ajoba?”

समीर खिडकीबाहेर बघत होता.

“अजून ठरलेलं नाही,” मी म्हटलं.